नाव तुमचे, क्रमांक यंत्राचा

सोनीने १२ डिसेंबर २००४ रोजी जपानमध्ये पीएसपी विक्रीला आणला, तेव्हा त्याचे खेळ यूएमडी नावाच्या चकतीवर मिळत. ६० मिलिमीटर व्यासाची ही चकती प्लास्टिकच्या कवचात बंद असे आणि तिच्यात जास्तीत जास्त १.८ जीबी माहिती मावे. खिशात राहणाऱ्या यंत्राच्या मानाने ही मजल मोठीच होती. पण चकती फिरवायला मोटर लागते, मोटर बॅटरी खाते आणि चकतीवरून वाचण्याचा वेग सेकंदाला फार तर ११ मेगाबिट. खेळ सुरू होताना, पातळी बदलताना, लढाई संपून नकाशावर परतताना थांबणे आलेच. शिवाय कवचाचे दोन भाग कालांतराने उकलतात, वाचणारी भिंगे थकतात. त्यामुळे आज जे पीएसपी चालू स्थितीत आहेत, त्यांतले बरेचसे चकतीला हातही लावत नाहीत. त्यांचे सगळे जग बोटाच्या पेराएवढ्या मेमरी कार्डात असते.

हे शक्य होते ते कस्टम फर्मवेअरमुळे. सोनीचे मूळ फर्मवेअर, म्हणजे यंत्र चालवणारी अंगभूत प्रणाली, फक्त सोनीची डिजिटल सही असलेले प्रोग्रॅम चालवते. कस्टम फर्मवेअर ती अट काढून टाकते. मग चकतीची कार्डावर उतरवलेली प्रत चालते, हौशी प्रोग्रॅमरांनी लिहिलेले होमब्रू प्रोग्रॅम चालतात, पहिल्या प्लेस्टेशनचे खेळही चालतात. फर्मवेअर बदलण्याचे काम एकदाच करायचे असते आणि ते या प्रकरणात येणार नाही. कार्डावरची मांडणी मात्र यंत्र वापरात असेपर्यंत सांभाळावी लागते. खेळ दिसत नाही, दिसतो पण सुरू होत नाही, चाळीस तास खेळलेला सेव्ह सापडत नाही, या तक्रारींचे मूळ बहुतेक वेळा मांडणीत असते. यंत्र ठीक असते, फाइलही ठीक असते, ती फक्त चुकीच्या जागी किंवा चुकीच्या ओळखीने ठेवलेली असते.

वाचताना एक लक्षात ठेवा. इथे फोल्डरांची नावे उच्चाराप्रमाणे देवनागरीत दिली आहेत, पण कार्डावर ती रोमन अक्षरांतच हवीत. पीएसपीच्या सिस्टिममध्ये बारा भाषांची सोय आहे आणि त्यांत एकही भारतीय भाषा नाही. फाइलला देवनागरी नाव देण्याचा मोह आवरा. साधी रोमन अक्षरे, आकडे आणि मोकळी जागा एवढ्यावर काम भागते.

कार्ड नवे असेल तर ते पीएसपीतच, सेटिंगमध्ये जाऊन फॉरमॅट करावे. यंत्र लागणारी फोल्डरे स्वतःच तयार करते. सगळ्यात वरच्या पातळीवर ‘पीएसपी’ नावाचे फोल्डर असते. त्याच्या आत ‘गेम’ आणि ‘सेव्हडेटा’ ही दोन महत्त्वाची फोल्डरे. ‘गेम’मध्ये प्रत्येक होमब्रूचे, डाउनलोड केलेल्या खेळाचे आणि पहिल्या प्लेस्टेशनच्या खेळाचे वेगळे फोल्डर राहते आणि त्या प्रत्येकात ‘ईबूट.पीबीपी’ याच नावाची फाइल असावी लागते. यूएमडीच्या प्रती मात्र इथे चालत नाहीत. त्यांच्यासाठी सर्वांत वरच्या पातळीवर, म्हणजे ‘पीएसपी’ फोल्डरच्या आत नव्हे तर शेजारी, ‘आयएसओ’ नावाचे फोल्डर लागते. कस्टम फर्मवेअर तिथेच पाहते. नवख्यांच्या हातून सर्वाधिक होणारी गफलत हीच: आयएसओ फोल्डर ‘पीएसपी’च्या आत जाते आणि पडद्यावर खेळांची यादी रिकामी दिसते. प्लगिन, म्हणजे फर्मवेअरला जोडायचे छोटे प्रोग्रॅम, वापरायचे असतील तर ‘सेप्लगिन्स’ हे फोल्डरही सर्वांत वरच्याच पातळीवर.

फोल्डरच्या नावाला एवढे महत्त्व का, याचे उत्तर पीएसपीच्या इतिहासात आहे आणि ते माझ्या मते या सगळ्या विषयातले सर्वांत रंजक पान आहे. पहिल्या १.०० फर्मवेअरमध्ये सही नसलेले प्रोग्रॅमही चालत. सोनीने १.५० मध्ये ते बंद केले. २००५ च्या उन्हाळ्यात हौशी मंडळींनी त्यातूनही वाट काढली. आधीची युक्ती मोठी कसरतीची होती. खेळ सुरू होत असताना नेमक्या क्षणी एक मेमरी स्टिक काढून दुसरी घालायची! मग त्याहून देखणी वाट सापडली. एकाच प्रोग्रॅमची दोन फोल्डरे करायची. दोघांचे नाव एकच, फक्त एकाच्या शेवटी टक्क्याची खूण. टक्क्याच्या खुणेच्या फोल्डरात नाव, चित्र अशी वरवरची माहिती असलेली ईबूट फाइल आणि बिनखुणेच्या फोल्डरात खरा प्रोग्रॅम. यंत्र तपासणीसाठी खुणेचे फोल्डर उघडे. त्यात चालवण्याजोगे काही नसल्याने आक्षेप घ्यायला जागाच नसे. पुढे प्रोग्रॅम चालवायची वेळ आली की मार्ग वाचताना टक्क्याची खूण गळून पडे आणि यंत्र शेजारचे, कधीच न तपासलेले फोल्डर उघडे. कुलूप उघडले ते केवळ फोल्डरच्या नावातल्या एका चिन्हाने.

या युक्तीची एक खोड होती. यादीत प्रत्येक प्रोग्रॅमच्या जोडीला ‘करप्टेड डेटा’ अशी एक निरुपयोगी नोंद दिसे. ती लपवण्यासाठी फोल्डरच्या नावाआधी दोन अधोरेषा, एससीई ही अक्षरे आणि पुन्हा दोन अधोरेषा लावायची पद्धत निघाली. पुढच्या काळात कस्टम फर्मवेअर आले आणि वेगवेगळ्या आवृत्त्यांचे प्रोग्रॅम वेगळे ठेवण्यासाठी ‘गेम१५०’सारखी फोल्डरे आली. आज यातल्या कशाचीच गरज नाही. सोनीचे शेवटचे फर्मवेअर ६.६१, ते जानेवारी २०१५ मध्ये आले आणि त्यावर आधारलेल्या कस्टम फर्मवेअरमध्ये साधे ‘गेम’ फोल्डर पुरते. पण जुना पीएसपी विकत घेतला की त्याच्या कार्डावर ही टक्क्याची आणि अधोरेषांची फोल्डरे हमखास भेटतात. त्यांना घाबरू नका. त्या २००५ च्या पाऊलखुणा आहेत. आतला प्रोग्रॅम हवा असेल तर त्याची नवी आवृत्ती शोधा आणि जुन्या जोड्या काढून टाका.

आता मुख्य गोष्टीकडे येऊ. गावात शेताला चिंचेचे शेत, ओढ्याकाठचे शेत अशी नावे असतात आणि सगळा गाव त्याच नावाने ओळखतो, पण तलाठ्याच्या दप्तरात ते शेत गट क्रमांकाने असते. पीएसपीचे दप्तर तसेच आहे. आयएसओ फाइलला, म्हणजे चकतीच्या प्रतीला, तुम्ही काहीही नाव द्या, यंत्र ते वाचते फक्त फाइल उघडण्यापुरते. पडद्यावर दिसणारे खेळाचे नाव फाइलच्या नावातून येत नाही. ते प्रतीच्या पोटात असलेल्या ‘पॅरम.एसएफओ’ या छोट्या फाइलमधून येते. यादीतले चित्रही आतलेच. १४४ बाय ८० ठिपक्यांचा आयकॉन आणि पूर्ण पडद्याचे ४८० बाय २७२ ठिपक्यांचे पार्श्वचित्र, दोन्ही खेळासोबतच येतात. आणि खेळाची खरी ओळख असते तिथेच नोंदवलेला नऊ अक्षर-आकड्यांचा क्रमांक.

‘ग्रँड थेफ्ट ऑटो: लिबर्टी सिटी स्टोरीज’ घ्या. अमेरिकेतल्या आवृत्तीचा क्रमांक यूएलयूएस १००४१, युरोपातल्या आवृत्तीचा यूएलईएस ००१५१. पहिले अक्षर ‘यू’ म्हणजे यूएमडी. दुसरे अक्षर ‘एल’ असेल तर खेळ बाहेरच्या कंपनीने परवाना घेऊन काढलेला, ‘सी’ असेल तर सोनीचा स्वतःचा. म्हणून ‘गॉड ऑफ वॉर: चेन्स ऑफ ऑलिंपस’चा अमेरिकी क्रमांक यूसीयूएस ९८६५३ आहे. तिसरे अक्षर प्रदेश सांगते: ‘यू’ अमेरिका, ‘ई’ युरोप, ‘जे’ जपान, ‘के’ कोरिया, ‘ए’ आशियातले इतर देश. एवढे कळले की अनोळखी कार्डावरची फोल्डरेही वाचता येऊ लागतात.

याचा व्यवहारातला परिणाम मोठा आहे. पीएसपीच्या खेळांना प्रदेशाचे बंधन नाही, जपानी चकती भारतात घेतलेल्या यंत्रावर बिनदिक्कत चालते. पण सेव्ह मात्र क्रमांकाला बांधलेला असतो. तुम्ही लिबर्टी सिटीची अमेरिकी प्रत निम्मी खेळलात, मग ती प्रत बिघडली म्हणून दुसऱ्याकडून मिळालेली युरोपातली चकती वापरू लागलात, तर तुमची सगळी प्रगती यंत्राच्या दृष्टीने दुसऱ्याच खेळाची आहे. पडद्यावर दोन्ही खेळ सारखेच दिसतात, नावही तेच, पण नवा खेळ सुरुवातीपासून सुरू होतो. सेव्ह हरवलेला नसतो, शेजारच्याच फोल्डरात असतो. म्हणून पहिला नियम असा की एका खेळाची एकच आवृत्ती निवडा आणि शेवटपर्यंत तीच ठेवा. कोणती निवडायची याचा फार विचार नको. ज्या आवृत्तीची चकती तुमच्याकडे आहे, तीच.

‘सेव्हडेटा’ फोल्डर एकदा संगणकावर उघडून पाहाच. आत खेळाच्या क्रमांकाने सुरू होणारी फोल्डरे दिसतील, क्रमांकापुढे त्या त्या खेळाने जोडलेली काही अक्षरे. लिबर्टी सिटीत तुम्ही तीन ठिकाणी सेव्ह केले असेल तर यूएलयूएस १००४१ पासून सुरू होणारी तीन फोल्डरे. त्यातले एक उघडा. पुन्हा एक ‘पॅरम.एसएफओ’ दिसते, यात खेळाचे नाव, सेव्हचे नाव आणि कुठपर्यंत पोहोचलात त्याचा तपशील असतो. एक आयकॉन, कधी एक पार्श्वचित्र आणि खरी माहिती असलेल्या एक-दोन फाइली. ही माहिती कूटबद्ध असते आणि तिच्या खरेपणाची खूण पॅरम फाइलमध्ये नोंदवलेली असते. आतली एकच फाइल उचलून दुसऱ्या फोल्डरात टाकली की दोघांचा मेळ बसत नाही आणि यंत्र सेव्ह बिघडल्याचे सांगते. त्यामुळे सेव्ह हलवायचा तो पूर्ण फोल्डर उचलून, नावात बदल न करता.

सगळ्या कार्डावर सर्वांत मोलाचे फोल्डर कोणते, असे विचाराल तर माझे उत्तर हेच आहे. खेळाची प्रत पुन्हा काढता येते, होमब्रू पुन्हा मिळते, फर्मवेअर पुन्हा टाकता येते. एखाद्या मुलाने दहावीच्या सुट्टीत पूर्ण केलेला खेळ, बहीणभावांनी वाटून घेतलेली तीन सेव्हची ठिकाणे, हे मात्र जगात एकाच जागी असते. आणि गंमत म्हणजे ते आकाराने नगण्य असते. शंभर खेळांचे सेव्ह मिळून एका मोठ्या खेळाएवढी जागाही सहसा व्यापत नाहीत. कार्डाला हात लावण्यापूर्वी, फर्मवेअर बदलण्यापूर्वी, यंत्र दुसऱ्याला देण्यापूर्वी ‘सेव्हडेटा’ संगणकावर उतरवून घ्या आणि त्या प्रतीला तारीख द्या. जुनी प्रत पुसून नवी ठेवू नका, दोन्ही ठेवा. बिघडलेल्या सेव्हची प्रत चांगल्यावर चढवली जाण्याचा धोका त्याने टळतो.

पहिल्या प्लेस्टेशनच्या खेळांची रीत थोडी निराळी. ते ‘गेम’ फोल्डरात ईबूट फाइलच्या रूपात राहतात आणि मूळ सीडीवरून ही फाइल संगणकावर बनवावी लागते. बनवताना खेळाचा मूळ क्रमांक द्यावा लागतो आणि तो नीट द्यावा. ‘मेटल गिअर सॉलिड’च्या पहिल्या अमेरिकी सीडीचा क्रमांक एसएलयूएस ००५९४, तर तोच. कारण त्या क्रमांकाने ‘सेव्हडेटा’त एक फोल्डर तयार होते आणि त्यात पूर्वीच्या प्लेस्टेशनला लावायच्या दोन मेमरी कार्डांच्या जागी दोन फाइली येतात, प्रत्येकी १२८ केबीच्या खऱ्या कार्डाची नक्कल. घाईत दोन वेगळ्या खेळांना एकच क्रमांक दिला तर दोघांचे सेव्ह एकाच कार्डात जाऊन बसतात. ‘फायनल फँटसी ७’ तीन सीडींचा आहे. अशा खेळाच्या तीन वेगळ्या ईबूट करू नका. पाचपर्यंत सीडी एकाच फाइलमध्ये बांधता येतात आणि खेळता खेळता होम बटण दाबून सीडी बदलता येते. वेगळ्या केल्या तर पहिल्या सीडीचा सेव्ह दुसरीला सापडण्याची खात्री राहत नाही.

‘गेम’ फोल्डरात आणखी एक प्रकार असतो आणि साफसफाईच्या उत्साहात त्याचाच बळी जातो. नाव फक्त क्रमांक, आत ईबूट फाइल नाही, यादीत खेळ म्हणून दिसत नाही. असे फोल्डर बहुधा एखाद्या खेळाची पुरवणी असते: जादा पात्रे, जादा मोहिमा, दुरुस्तीची फाइल. खेळ सुरू होताना स्वतःच्या क्रमांकाचे फोल्डर शोधतो आणि सापडले तर पुरवणी जोडून घेतो. पीएसपीच्या दुकानातली खरेदी सोनीने जुलै २०२१ मध्ये बंद केली. त्यामुळे कधीकाळी पैसे मोजून घेतलेली पुरवणी आज त्या दुकानातून नव्याने विकत घेता येत नाही. बिनईबूटचे फोल्डर दिसले की आधी त्याचा क्रमांक तुमच्या आयएसओंच्या क्रमांकांशी ताडून पाहा, मगच काय ते ठरवा.

खेळ पंधरा-वीस असतील तर इथपर्यंतचे पुरते. १२८ जीबीचे कार्ड लावले की शंभराहून अधिक खेळ सहज मावतात आणि मग पीएसपीच्या यादीची मर्यादा जाणवते. यादी उभी, एकाखाली एक. शोधायची सोय नाही. यादी उघडताना यंत्र प्रत्येक फाइलच्या आत डोकावून नाव आणि चित्र काढते, म्हणून जितके खेळ जास्त तितका यादी उघडायला वेळ. यावर उपाय म्हणजे वर्गवारीचे प्लगिन. ‘आयएसओ’ आणि ‘गेम’ या दोन्हींच्या आत उपफोल्डरे करायची, ‘सीएटी’ आणि अधोरेषेने सुरू होणाऱ्या नावांची, आणि प्लगिन ती पडद्यावर वेगळ्या गटांत दाखवते. नावापुढे दोन आकडे घातले तर गटांचा क्रम आपल्या मनासारखा लागतो. एकच जपावे लागते: ‘आयएसओ’त आणि ‘गेम’मध्ये गटाचे नाव अक्षरशः एकच हवे. एका ठिकाणी शेवटी मोकळी जागा राहिली तरी पडद्यावर दोन गट दिसतात.

गट कशाचे करावेत? बहुतेक जण प्रकारानुसार करतात: मारधाड, कोडी, शर्यती, क्रिकेट-फुटबॉल. मला हे फारसे पटत नाही. निम्मे खेळ दोन गटांत बसतात आणि कोणता कुठे ठेवला हे विसरायला होते. त्यापेक्षा आपण यंत्र कसे वापरतो त्यावर गट पाडावेत: सध्या चालू असलेले, दहा मिनिटांत एक डाव होणारे, पुरे झालेले, मुलांसाठीचे. लोकलमध्ये उभ्याने खेळणाऱ्याला दुसरा गट रोज लागतो, पहिला रविवारी. ‘पुरे झालेले’ मधले खेळ दर काही महिन्यांनी कार्डावरून काढून संगणकावर ठेवता येतात, सेव्ह तेवढे राहू द्यायचे. सेव्ह ‘सेव्हडेटा’तच राहतात, आयएसओ कोणत्या गटात आहे याच्याशी त्यांना कर्तव्य नसते. म्हणून खेळ एका गटातून दुसऱ्यात हलवायला अजिबात भिऊ नका.

जागा वाचवण्यासाठी सीएसओ नावाचा दाबलेला प्रकारही प्रचलित आहे. यात चकतीची प्रत २०४८ बाइटांच्या तुकड्यांत विभागून प्रत्येक तुकडा वेगळा दाबतात आणि सुरुवातीला कोणता तुकडा कुठे आहे याची सूची ठेवतात. त्यामुळे यंत्राला पूर्ण फाइल न उलगडता हवा तेवढाच भाग मोकळा करता येतो. चार जीबीचे कार्डही महाग होते त्या काळात हा शोध मोठा उपकारक ठरला. काही खेळ निम्मे होतात, कारण चकतीवर जागा भरण्यासाठी निरर्थक माहिती घातलेली असते. व्हिडिओने भरलेला खेळ मात्र जेमतेम कमी होतो, तो आधीच दाबलेला असतो. मोबदल्यात प्रोसेसरला जादा काम पडते आणि काही खेळांत चित्रफिती अडखळतात. आज कार्ड स्वस्त असताना सीएसओ कशाला? साधी आयएसओ ठेवा. आपल्याकडे जुन्या पीएसपीसोबत कार्ड आधीच ‘भरून’ मिळते, त्यात अनेकदा सगळे खेळ सीएसओ आणि तेही सर्वाधिक दाबलेले असतात. खेळ अडखळतो म्हणून यंत्राला दोष देण्याआधी फाइलचा प्रकार पाहा.

कार्डाबद्दलही बोलायला हवे. पीएसपीला सोनीचे मेमरी स्टिक प्रो ड्युओ लागते, आता बहुतेक जण अडॅप्टरमध्ये मायक्रोएसडी घालून काम भागवतात. मोठ्या कार्डांच्या बाबतीत यंत्राला फॅट३२ पद्धतच समजते. मोठी मायक्रोएसडी कार्डे एक्सफॅट पद्धतीने आखलेली येतात, ती पीएसपी वाचत नाही, म्हणून फॉरमॅट यंत्रातच करावे हे वर सांगितले. दोन कार्डांचे अडॅप्टर शक्यतो टाळा. त्यात माहिती दोन्ही कार्डांवर आलटूनपालटून लिहिली जाते आणि एक कार्ड गेले की दुसऱ्यावरचेही सगळे गेले. बाजारात खोट्या क्षमतेची कार्डेही भरपूर आहेत. ३२ जीबी सांगणारे कार्ड प्रत्यक्षात चार जीबीचे निघते, तोवर तुम्ही टाकलेले खेळ दिसत राहतात पण आत काही नसते. एचटूटेस्टडब्ल्यूसारखा प्रोग्रॅम कार्ड काठोकाठ भरून परत वाचून पाहतो. नव्या कार्डावर खेळ टाकण्याआधी तो एकदा चालवाच. ज्यांच्याकडे मॅक आहे त्यांनी आणखी एक ध्यानात ठेवावे. मॅक प्रत्येक फाइलसोबत टिंब आणि अधोरेषेने सुरू होणारी एक लपलेली जोडफाइल कार्डावर सोडतो आणि पीएसपी तिला ‘करप्टेड डेटा’ म्हणून दाखवतो. खेळ शाबूत असतो, त्या जोडफाइली काढल्या की यादी स्वच्छ होते.

कार्डावरची मांडणी ही वापरासाठी, संगणकावरची जपणुकीसाठी, आणि दोन्ही वेगळ्या ठेवाव्यात. कार्डावर छोटी नावे चालतील. संगणकावर मात्र पूर्ण नाव, प्रदेश आणि क्रमांक तिन्ही लिहा. चकतीची प्रत पीएसपीतूनच काढता येते. कस्टम फर्मवेअरमध्ये सिलेक्ट बटणाने उघडणाऱ्या मेनूत यूएसबीसाठी यूएमडी निवडायचे आणि यंत्र संगणकाला जोडायचे, चकती एका आयएसओ फाइलच्या रूपात दिसते. काठोकाठ भरलेली चकती उतरायला वाचनाच्या वेगाप्रमाणे वीस-पंचवीस मिनिटे लागतात. प्रत झाली की तिचा हॅश काढा, म्हणजे फाइलमधल्या प्रत्येक बाइटवरून काढलेला ठसा, आणि रीडम्प या चकत्यांच्या नोंदी ठेवणाऱ्या प्रकल्पातल्या ठशाशी ताडून पाहा. जुळला तर तुमची प्रत अचूक आहे, कारखान्यातून निघालेल्या चकतीइतकी.

कायद्याची बाजूही स्पष्ट असावी. भारताच्या १९५७ च्या प्रताधिकार कायद्यातले कलम ५२(१)(एए) कायदेशीररीत्या संगणक प्रोग्रॅम बाळगणाऱ्याला हानी किंवा नाशापासून तात्पुरते संरक्षण म्हणून राखीव प्रत काढण्याची मुभा देते. २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५ए अधिकारभंगाच्या हेतूने तांत्रिक कुलूप तोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंडाची तरतूद करते. स्वतःच्या चकतीची स्वतःपुरती प्रत आणि शेकडो खेळ भरून विकलेले कार्ड यांत फरक आहे, तो मानायला हवा.

हे सगळे शिकण्याचा लाभ एका यंत्रापुरता नाही. प्लेस्टेशन व्हीटावर पीएसपीचे खेळ चालवणारे अ‍ॅड्रिनलिन हेच ‘आयएसओ’, ‘गेम’ आणि ‘सेव्हडेटा’ वापरते. फोनवर चालणारे पीपीएसएसपीपी, जे २०१२ मध्ये आले, तेही सेव्हसाठी हीच रचना पाळते. पीएसपीचा सेव्ह फोल्डर फोनवर टाकला की खेळ जिथे सोडला तिथून पुढे सुरू होतो. निन्टेंडो ३डीएसचा बाज मात्र उलट. तिथे बसवलेले खेळ ‘निन्टेंडो ३डीएस’ नावाच्या फोल्डरात ३२ अक्षरांच्या निरर्थक वाटणाऱ्या नावांखाली कूटबद्ध असतात आणि त्याला हाताने शिवायचेच नसते. एका यंत्राची सवय दुसऱ्यावर लादण्याआधी हे जाणून घ्यावे.

शेवटी एक विनंती. पीएसपीचे प्रसिद्ध खेळ जगभर कोणी ना कोणी जपून ठेवले आहेत, त्यांची काळजी नको. पण भारतात बनलेले खेळही पीएसपीवर आले. मुंबईतल्या ट्राइन गेम्सचा २०१० चा गल्ली क्रिकेटवरचा ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’, तसेच ‘चंद्रगुप्त: वॉरियर प्रिन्स’ हे त्यांतलेच. या खेळांचा ग्राहक प्रामुख्याने इथलाच होता, म्हणून चकत्याही इथल्याच घरांत, माळ्यावरच्या खोक्यांत आणि जुन्या कपाटांत आहेत. तुमच्याकडे त्यातली एखादी असेल तर तिचे कवच उकलण्याआधी प्रत काढा, हॅश नोंदवा आणि फाइलवर पूर्ण नाव व क्रमांक लिहून ती दोन वेगळ्या जागी ठेवा.